शेंदुर्णीचं बंद स्टेशन: पीजे (पाचोरा-जामनेर छोटी रेल्वे) नेमकी कोणासाठी काढली होती?

कपाशीवाला:
राम राम मंडळी. परवा शेंदुर्णीला मामाकडे गेलो होतो, संध्याकाळी सहज स्टेशनकडे चक्कर मारली तर सगळं सुनसान. लहानपणी आईसोबत पाचोऱ्याहून याच गाडीने यायचो. आमचे आबा म्हणतात इंग्रजांनी ही लाईन साहेब लोकांना अजिंठा पाहायला नेण्यासाठी टाकली. मामा म्हणतो काही पण सांगतात आबा. खरं काय आहे? आणि माथेरानची गाडी अन् आपली पीजे सेम गेजची (रुळांमधल्या अंतराची) होती का?

पाचोरेकर:
मामा बरोबर आहेत भो, पण आबांचं पण अगदीच चूक नाही. पहूरला उतरलं की अजिंठ्याजवळचं फर्दापूर जवळ, म्हणून लेणी पाहणारे या गाडीने यायचे, पण तेवढ्यासाठी 56 किलोमीटर लाईन कोण टाकेल? कारण होतं कापूस. मेन लाईन 1860 च्या दशकातच पाचोऱ्यावरून गेली होती, पण जामनेर, पहूर, शेंदुर्णीचा माल तिथपर्यंत बैलगाडीने यायचा आणि पावसाळ्यात काळ्या मातीत गाडीचं चाक रुतलं की झालं. म्हणून 1918-19 मध्ये ही छोटी लाईन आली. काढणारी सेंट्रल प्रोव्हिन्सेस रेल्वे कंपनी, कारभार मुंबईच्या किलिक निक्सन कंपनीकडे. मजा बघा, नाव सेंट्रल प्रोव्हिन्सेसचं, म्हणजे मध्य प्रांताचं, आणि आपण होतो मुंबई इलाख्यात! विदर्भातली शकुंतला ही छोटी गाडी पण याच कंपनीची.
गेज सेम नाही. आपली अडीच फुटी म्हणजे 762 मिमी, माथेरानची त्याहून अरुंद, 610.

जामनेरचा_जावई:
हाहा, आमच्या सासऱ्यांच्या मते तर धावत्या पीजेतून उतरून शेतातली काकडी तोडून परत चढता यायचं 😂 फाटक लावायला गाडीतलाच माणूस खाली उतरायचा, गाडी पुढे गेली की फाटक उघडून परत पळत येऊन चढायचा, हे मात्र मी स्वतः पाहिलंय.

पाचोरेकर:
काकडीचा किस्सा प्रत्येक नॅरोगेज गाडीचा सांगतात, एकदा तोडून दाखवा म्हणावं 😄

एसटीप्रेमी:
सगळे आठवणी काढताय पण शेवटी शेवटी बसत कोण होतं त्यात? दिवसाला दोन फेऱ्या, जायला दोन तासांच्या आसपास, तेवढ्यात काळीपिवळी जाऊन परत यायची. लॉकडाऊन नसता तरी बंदच पडली असती.

रथाची_दोरी:
एसटीप्रेमी भाऊ, बसत कोण होतं विचारताय? वरखेडीच्या बाजाराला जाणारे, पाचोऱ्याला कॉलेजला जाणारी पोरं, दवाखान्याला निघालेल्या म्हाताऱ्या, ज्यांना काळीपिवळीचं भाडं परवडत नव्हतं ते सगळे. आणि कार्तिकात शेंदुर्णीला त्रिविक्रमाचा रथ असतो तेव्हा एकदा येऊन बघायचं होतं, आत जागा नाही म्हणून लोक टपावर, आमची आजी खिडकीतून गाठोडं आत टाकायची आणि मग जागा आपली म्हणून भांडायची.
प्रवासी नव्हते म्हणून नाही, आधी माल गेला म्हणून लाईन खंगली. पाचोऱ्याला गेज बदलायचं म्हणजे कापसाची प्रत्येक गाठ छोट्या डब्यातून उतरवून मोठ्या डब्यात चढवायची, हमाली डबल. ट्रक आला तसा जिनिंगच्या दारातून माल डायरेक्ट बाहेर, मग कोण कशाला स्टेशनवर नेईल? मार्च 2020 ला कोरोनात गाडी उभी राहिली ती परत निघालीच नाही.

कपाशीवाला:
धन्यवाद सगळ्यांना, हे मालाचं डोक्यातच आलं नव्हतं. मग आता ब्रॉडगेजचं म्हणतात ते?

पाचोरेकर:
मंजूर आहे, आणि जामनेरच्या पुढे बोदवडपर्यंत, एकूण 84 किलोमीटर. बोदवड नागपूर लाईनवर येतं, म्हणजे भुसावळला न जाता पाचोऱ्याहून तिकडे निघता येईल. पण तेव्हा ती मोठी मालगाड्यांची लाईन होईल, वरखेडीच्या बाजारवाल्यासाठी थांबेल का, मला शंका आहे.

कपाशीवाला:
आबांना वाचून दाखवलं. कापसाचं ऐकून गप्प बसले, मग म्हणे साहेब पण असायचे, मी पाहिलेत 😅 कोणाकडे पुठ्ठ्याचं जुनं तिकीट असेल तर फोटो टाका ना.

रथाची_दोरी:
तिकीट नाही, पण आजोबांच्या ट्रंकेत गाठींची एक बिल्टी (रेल्वेची माल-पावती) आहे. रविवारी गावी जाणार आहे, टाकते.