कल्पित राज्याचा प्राचीन न्यायग्रंथ जुना कसा वाटावा?

प्रश्न

मी एका कल्पित राज्याची कादंबरी लिहीत आहे. हे राज्य बेटांचे असून ओहोटीच्या वेळी दोन बेटांमधली जमीन उघडी पडते आणि माणसे, गुरे, लग्नाची वऱ्हाडे तिच्यावरून चालत जातात. तेथे ‘काठसंहिता’ नावाचा हजारेक वर्षांपूर्वीचा ग्रंथ प्रमाण मानला जातो; चोरी, वारसा आणि विवाह यांचे नियम, तसेच सत्य व दया यांविषयीचा उपदेश, सारे त्यातच आहे. मी त्याची चाळीस कलमे लिहिली, पण ती एखाद्या समितीने कालच बसून तयार केल्यासारखी वाटतात. भाषा संस्कृत वळणाची करून पाहिली, तरी फरक पडला नाही. ग्रंथाला वय कशाने येते?

पहिला प्रतिसाद

भाषेपेक्षा कलमाच्या घडणीकडे लक्ष द्यावे, असे मला वाटते. बॅबिलोनच्या हम्मुराबीने इ. स. पूर्व १७५० च्या सुमारास कोरवून घेतलेली शिळा आज पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात आहे. तिच्यावरचे कायदे ‘जर’ने सुरू होतात: बांधणाऱ्याने घर कच्चे बांधले आणि ते कोसळून घरमालक मेला, तर बांधणाऱ्याला मृत्युदंड. वाचणाऱ्याला आधी पडलेले घर दिसते, नियम नंतर कळतो. बरोबरीच्या प्रतिष्ठित माणसाचा डोळा फोडला तर फोडणाऱ्याचा डोळा जातो, सामान्य माणसाच्या डोळ्यासाठी एक मिना (वजनाचे जुने माप) चांदी द्यावी लागते आणि गुलामाच्या डोळ्यासाठी त्याच्या किमतीच्या निम्मी रक्कम. समाजाची उतरंड वेगळी सांगावी लागत नाही.

‘जितके जुने तितके क्रूर’ हे गृहीतही सोडून द्यावे. हम्मुराबीच्या सुमारे तीनशे वर्षे आधीच्या उर-नम्मू या सुमेरी राजाच्या कायद्यांत शारीरिक इजेबद्दल चांदीचा दंड सांगितलेला आहे.

आणखी एक सुचवतो. ती शिळा शेजारच्या एलाम राज्याच्या राजाने लुटून सुसा या आपल्या नगरात नेली आणि तिच्यावरच्या मजकुराचे काही स्तंभ खरवडले गेले. तुमचीही सहा-सात कलमे नाहीशी करा आणि त्यांत काय होते यावरून कथेतल्या घराण्यांना भांडू द्या.

दुसरा प्रतिसाद

वरील मत मला मान्य आहे, परंतु आपल्याकडच्या परंपरेत याहून मोलाची गोष्ट सापडते, आणि ती मूळ ग्रंथात नसून टीकाग्रंथांत आहे. याज्ञवल्क्यस्मृतीवर कल्याणीच्या चालुक्यांच्या काळात विज्ञानेश्वराने ‘मिताक्षरा’ लिहिली. बंगालमध्ये जीमूतवाहनाने ‘दायभाग’ रचला. वारसाहक्क असलेल्या जवळच्या नातलगाला ‘सपिंड’ म्हणतात; त्या शब्दातील ‘पिंड’ म्हणजे शरीराचा अंश, असे विज्ञानेश्वर म्हणतो, म्हणून वारस ठरवताना तो रक्ताची जवळीक पाहतो. जीमूतवाहनाच्या मते पिंड म्हणजे पितरांना अर्पण केलेला पिंड, म्हणून मृताला ज्याच्या पिंडदानाचा लाभ अधिक, त्याचा हक्क आधी. एका शब्दाचे दोन अर्थ झाले आणि वाटण्या शतकानुशतके त्यांवरून होत राहिल्या. भारतरत्न पां. वा. काणे यांनी धर्मशास्त्राचा इतिहास लिहायला घेतला, तेव्हा त्याचे पाच खंड झाले, याचे एक कारण हे मतभेदच आहेत.

तेव्हा चाळीसच्या चाळीस कलमे स्पष्ट लिहू नका. एक शब्द असा ठेवा की त्यावर दोन पंथ उभे राहतील.

तिसरा प्रतिसाद

तुमचा ग्रंथ लिहिलेलाच असला पाहिजे, असेही नाही. आइसलँडमध्ये अल्थिंग ही सभा ९३० च्या सुमारास सुरू झाली आणि कायदे लिहून ठेवण्याचे काम १११७-१८ च्या हिवाळ्यात हाती घेतले गेले. तोवर ‘कायदा सांगणारा’ हा अधिकारी तीन वर्षांच्या मुदतीत दरवर्षी एक तृतीयांश कायदा सभेपुढे तोंडपाठ म्हणत असे. भरतीची वेळ टळण्याआधी पाठ संपवावा लागणारा असा पाठक तुमच्या बेटांवर शोभेल.

प्रश्नकर्ता

सर्वांचे मनापासून आभार. तो शब्द मला सापडला: ‘काठ’. एका पंथाच्या मते काठ म्हणजे भरतीची रेषा, दुसऱ्याच्या मते ओहोटीची, आणि मधल्या जमिनीवर जन्मलेले मूल कोणत्या बेटाचे, हा खटला आता कादंबरीच्या मध्यभागी येईल. एक अडचण मात्र उरली आहे. संहितेत संशयिताला खांबाला बांधून त्याच्यावर भरती येऊ देण्याचे दिव्य, म्हणजे खरे-खोटे ठरवण्याची दैवी कसोटी, आहे. माझ्या कथेच्या काळातील लोकांना ते सहन होत नाही, पण पवित्र ग्रंथातले कलम कोणी खोडणार नाही.

दुसऱ्या प्रतिसादाच्या लेखकाकडून

याज्ञवल्क्याने तुला, अग्नी, जल, विष आणि कोश (देवमूर्तीच्या स्नानाचे पाणी पिणे) अशी पाच दिव्ये सांगितली आहेत, म्हणून तुमचे दिव्य मला परके वाटत नाही. खोडता न येणाऱ्या वचनांसाठी आपल्या निबंधकारांनी, म्हणजे धर्मशास्त्रातील वचनांचे संकलन करणाऱ्यांनी, ‘कलिवर्ज्य’ ही वाट काढली: नियोगासारखी (पतीऐवजी दुसऱ्या नेमलेल्या पुरुषाकडून संतती मिळवण्यासारखी) गोष्ट शास्त्रात सांगितलेली असली, तरी कलियुगात ती करू नये. वचन जागेवर राहते, आचार तेवढा थांबतो. तुमच्या एखाद्या टीकाकाराने ‘समुद्र आता पूर्वीइतका सत्यवादी राहिलेला नाही’ एवढे लिहिले, तरी पुरे. खांब काठावर तसाच उभा राहील आणि लोक त्याला होड्या बांधू लागतील.