वीज, नळ, दुकानं कायमची गेली तर पहिल्या आठवड्यात कशाला हात घालायचा?

सावधान_पांथस्थ: धान्य, टॉर्च, रेडिओ सगळ्याच याद्यांत असतात. पण व्यवस्थाच कोसळली, तर साध्या कुटुंबानं आधी काय करावं? पन्नास माणसं आणि एक विहीर धरून सांगा. लुटारूंपासून बचाव कसा करायचा, तेही सांगा.

पाणवठा: आधी पाणी. पंप बंद पडले की टाक्या रिकाम्या होतात आणि लोक मिळेल ते पितात. माणशी रोज 3 लिटर फक्त पिण्याला धरा. इंधन असेल तर पाणी खळखळून उकळल्यावर 1 मिनिट तसंच उकळू द्या, 2000 मीटरच्या वर 3 मिनिटं. इंधन नसेल तर सुगंध न घातलेलं 5-6 टक्क्यांचं ब्लीच (कपडे पांढरे करायचं सोडियम हायपोक्लोराइटचं द्रावण), लिटरला 2 थेंब. ढवळून अर्धा तास थांबा. क्लोरीनचा हलका वास यायलाच हवा. नसेल तर तेवढेच थेंब पुन्हा घालून आणखी 15 मिनिटं. ब्लीच वर्षभरात कमजोर होतं, म्हणून बाटलीवर तारीख लिहून ठेवा.

सावधान_पांथस्थ: पाणी गढूळ असेल तर?

पाणवठा: निवळू द्या, चार पदरी कापडातून गाळा, मगच ब्लीच. गाळातच क्लोरीन खर्च होतं, जंतूंसाठी उरत नाही. गाळूनही गढूळ राहिलं तर 4 थेंब.

मातीकाम: पाण्याइतकीच घाई शौचाची. फ्लश बंद पडला की लोक कुठेही बसतात, आणि एका पावसात ती घाण विहिरीत जाते. पहिल्याच दिवशी चर खणा: रुंदी 30 सेंमी, खोली 90 ते 150 सेंमी, पन्नास जणांना लांबी पावणेदोन मीटर. विहिरीपासून निदान 30 मीटर लांब, उताराच्या खालच्या अंगाला. तळ भूजलाच्या 1.5 मीटर वर हवा. पाणी वर असेल तर चर उथळ ठेवा, दुसरा खणा. काढलेली माती कडेलाच राहू द्या, प्रत्येक वेळी तीच वर टाकायची, नाहीतर माश्या थेट ताटावर येतात. चर भरत येऊन वर 30 सेंमी उरले की मातीनं बुजवा. शेजारी पाणी आणि साबण ठेवा. साबण संपला तर राख.

शुश्रूषा: तरीही जुलाब लागलेच, तर 1 लिटर शुद्ध पाण्यात 6 सपाट चहाचे चमचे साखर, अर्धा सपाट चमचा मीठ. मीठ जास्त झालं तर लहान मुलांच्या जिवावर बेतू शकतं, तेव्हा अंदाजानं टाकू नका. घोट घोट पाजा. उलटी झाली तर 10 मिनिटं थांबून पुन्हा सुरू करा.

आणि लुटारूंचं. जपानमधल्या 1995 च्या कोबे भूकंपात ढिगाऱ्याखालून सुटलेल्या बहुतेकांना घरच्यांनी आणि शेजाऱ्यांनीच बाहेर काढलं होतं. शेजाऱ्याला शत्रू समजून दार लावून बसलात, तर चर कोण खणणार आणि विहिरीवर पाळी कोण ठेवणार? पहिल्या संध्याकाळीच सगळ्यांना एकत्र बसवा आणि पहाऱ्याला दोघादोघांच्या पाळ्या लावा.