उत्तर: जिल्हा परिषदेचा (झेडपीचा) अध्यक्ष कोण ठरवतो?

वर एकांनी म्हटलंय की झेडपी शेवटी कलेक्टरच चालवतो. तसं नाही हो. कलेक्टर महसूलवाला. झेडपीचा कारभार सीईओकडे, म्हणजे मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे, आणि स्थायी समितीचा सचिव त्याच्या हाताखालचा डेप्युटी सीईओ.

झेडपीसाठी आपण मत देतो ते फक्त आपल्या गटाच्या, म्हणजे झेडपीच्या मतदारसंघाच्या, सदस्याला. १९६१च्या कायद्यानुसार असे ५० ते ७५ सदस्य, शिवाय पंचायत समित्यांचे सभापती पदसिद्ध. एका गटात पंचायत समितीचे दोन गण (तिचे मतदारसंघ); मतदानाला गेलं की दोन बटणं दाबावी लागतात, एक गटासाठी आणि एक आपल्या गणासाठी. अध्यक्षाला मात्र हे सदस्यच आपसात निवडतात, तेही अडीच वर्षांसाठी आणि हात वर करून. त्यामुळे सगळी मजा निकालानंतर सुरू होते. काठावरचं बहुमत असलं की सदस्य 'सहलीला' जातात, फोन बंद, आणि निवडीच्या दिवशी ट्रॅव्हल्सची गाडी थेट सभागृहाच्या दारात. उतरताना प्रत्येकाच्या गळ्यात एकाच रंगाचं उपरणं. आमच्या भागातले दोघे तर घरी आंघोळीलाही आले नव्हते!

अध्यक्षपद हुकलं की विषय समित्यांवर घासाघीस. बांधकामासाठी सगळ्यांची रांग, महिला व बालकल्याणसाठी फारसं कुणी भांडत नाही. का ते बजेट बघितलं की कळतं.

निम्म्या जागा महिलांच्या, हे ठीकच. पण मार्च २०२२ मध्ये बहुतेक झेडप्यांची मुदत संपली, निवडणुका लांबल्या आणि सीईओच प्रशासक झाले. शाळेचा पत्रा गळतोय हे सांगायला तेव्हा सदस्यच उरला नव्हता.