कचरा अक्षरं आणि न उघडणारा पोर्ट : दोन वेगळे रोग

वजनकाटा सीरियल पोर्टने कॉम्प्युटरला जोडलाय, त्याच्या आकड्यांमध्ये मध्येच कचरा येतो आणि कधीकधी पोर्टच उघडत नाही, असं तुम्ही म्हणताय. या दोन तक्रारी एकाच औषधाने जाणार नाहीत.

पोर्टवरची ये-जा दाखवणारा पोर्टमॉन हा मॉनिटर प्रोग्राम कुणी सुचवला असेल तर विसरा, तो ६४-बिट विंडोजवर चालत नाही. यूएसबी कन्व्हर्टर (सीरियल केबल यूएसबीला जोडणारं उपकरण) वापरत असाल तर यूएसबीवरची ये-जा टिपून दाखवणारी वायरशार्क आणि यूएसबीपीकॅप ही फुकटची जोडी पुरते.

पोर्ट उघडताना 'अ‍ॅक्सेस डिनाइड' आलं की बहुधा दुसऱ्या प्रोग्रामने पोर्ट धरून ठेवलेला असतो. (लिनक्सवर मॉडेम सांभाळणारा मॉडेममॅनेजर कधीकधी नवा पोर्ट दिसताच तो मॉडेम आहे का हे बघायला आपणहून एटी कमांड, म्हणजे मॉडेमच्या आज्ञा, पाठवतो. कुणी सांगितलाय हा आगाऊपणा!)

आता कचरा. असले मॉनिटर तारेवर कान लावत नाहीत. कन्व्हर्टरच्या चिपने लावलेला अर्थच ते दाखवतात. त्यामुळे बॉड रेट (पोर्टचा वेग) चुकला असेल तर तिथेही कचराच दिसेल. पण हेक्समध्ये, म्हणजे प्रत्येक अक्षराच्या सोळा-आधारी कोडमध्ये, नीट बघा. ०, ३, ५, ६, ९ बरोबर येतात आणि १, २, ४, ७, ८ बिघडतात का? '१' चा कोड ३१, त्याच्या जागी बी१ दिसतंय? मग काटा ७ बिट, ईव्हन पॅरिटीवर (चूक पकडायला एक जादा बिट, एकूण १ सम संख्येत ठेवणारा) आहे आणि तुम्ही ८ बिट, नो पॅरिटीने वाचताय. दोन्हींत फ्रेम (एका अक्षरासाठी जाणारे सगळे बिट) १० बिटांचीच, म्हणून बाकी सगळं सुरळीत वाटतं.

अजिबातच काही येत नसेल तर काट्याची केबल काढा, कन्व्हर्टरच्या ९ पिनी कनेक्टरवर २ आणि ३ जोडा, टर्मिनल प्रोग्राममध्ये हार्डवेअर फ्लो कंट्रोल (वेगळ्या तारांवरून थांब-चल सांगणं) बंद ठेवून टाइप करा. अक्षरं परत आली तर दोष कन्व्हर्टरच्या पलीकडे, केबलमध्ये किंवा काट्यात.