किलिंग जोक: जुन्या रंगांतली प्रत कुठे मिळेल?

मंडळी, मदत हवी आहे. बॅटमॅन आणि त्याचा शत्रू जोकर यांचं १९८८ सालचं कॉमिक 'द किलिंग जोक' घ्यायचंय. लेखक ॲलन मूर, चित्रं ब्रायन बोलंडची. घोळ आहे तो रंगांचा. मूळ आवृत्तीत जॉन हिगिन्सचे भडक जांभळे-केशरी रंग होते. २००८ मध्ये बोलंडने स्वतः सगळं पुन्हा रंगवलं. जोकरच्या भूतकाळाची पानं जवळपास कृष्णधवल झाली, मधूनच एखादी लाल वस्तू. दिसतं देखणं, पण गोष्टीतल्या त्या मोडक्या जत्रेला भडकपणाच शोभतो, असं माझं मत.

हिगिन्सच्या रंगांतली प्रत मुंबई-पुण्यात जुन्या पुस्तकांत कुणाला दिसली आहे का? ऑनलाइन मागवताना आवृत्ती कशी ओळखायची? विक्रेत्याकडून आतल्या कुठल्या पानाचा फोटो मागवू? (शेवटी बॅटमॅन जोकरला मारतो की नाही, हा वाद कृपया इथे नको!)