ओबेलिस्कला मराठीत काय म्हणायचं?

मूळ प्रश्न

प्राचीन इजिप्तवरचा एक लेख मराठीत आणते आहे. त्यात ‘ओबेलिस्क’, म्हणजे देवळापुढे उभा केलेला उंच, वर निमुळता होत जाणारा दगड, परिच्छेदागणिक येतो. पहिल्या खर्ड्यात सरळ ‘स्तंभ’ लिहीत गेले, पण कर्नाकच्या देवळाशी येऊन गाडी अडली. तिथे १३४ खांबांचा सभामंडप आहे आणि त्याच्या पलीकडे राणी हातशेप्सुतचा ओबेलिस्क. दोन्हींना स्तंभ म्हटलं तर वाचकाला वाटणार, हाही त्या मंडपाचाच एक खांब. ‘मनोरा’ म्हणावं तर आत जिना असल्यासारखं वाटतं. एका मैत्रिणीने ‘सूचिस्तंभ’ सुचवला (सूची म्हणजे सुई), पण ‘सूची’ म्हटलं की मला आधी पुस्तकाच्या शेवटची सूचीच आठवते! या शब्दाचा मूळ अर्थ काय, इजिप्तचे लोक स्वतः काय म्हणत, आणि मराठीत काय खपेल?

प्रतिसाद १

शब्द ग्रीक आहे. ‘ओबेलोस’ म्हणजे मांस भाजायची सळई, आणि ‘ओबेलिस्कोस’ हे त्याचं लघुत्वदर्शक रूप, म्हणजे सळईसुद्धा नाही, सळईची काडी. तीनशे टनांच्या दगडाला हे नाव! हे कौतुक की खवचटपणा, ते ज्याने त्याने ठरवावं. ग्रीक इतिहासकार हेरोडोटस इ.स.पू. पाचव्या शतकात ‘ओबेलोस’च म्हणतो. फेरोस नावाच्या राजाने सूर्याच्या देवळाला दोन दगडी ओबेलोस वाहिले, प्रत्येक एकेका दगडाचा आणि शंभर हात उंच, असं त्याने लिहिलंय. शंभर हात जरा जास्तच झाले, पण हेरोडोटसला इतपत सूट द्यावी लागते.

विषय निघालाच आहे तर थोडं अवांतर. ग्रीसमध्ये नाणी येण्याआधी लोखंडी सळया चलन म्हणून वापरत. पुढे त्यावरूनच ‘ओबोल’ हे नाण्याचं नाव आलं. सहा सळया मुठीत मावतात, म्हणून सहा ओबोलांची ‘द्राख्मा’, म्हणजे मूठभर. ही द्राख्मा संस्कृतात ‘द्रम्म’ झाली. शिलाहारांच्या लेखांतही द्रम्म भेटतात. आपला ‘दाम’ त्यातूनच आलेला. थोडक्यात, भाजीवाल्याला दाम मोजताना आपण ओबेलिस्कच्या सोयऱ्यांतच वावरत असतो.

प्रतिसाद २

इजिप्तचं स्वतःचं नाव ‘तेखेन’, अनेकवचन ‘तेखेनू’. त्यांच्या लिपीत स्वर लिहीत नसत, त्यामुळे यातले ए-कार अभ्यासकांनी उच्चाराच्या सोयीसाठी घातलेले आहेत. शब्द लिहून झाला की शेवटी ओबेलिस्कचं छोटं चित्र काढत, म्हणजे कशाबद्दल बोलणं चाललंय याचा घोळ नको. रोमन लेखक प्लिनीने म्हटलंय की ही वस्तू सूर्याला वाहिलेली आहे, तिचा आकार हे सूर्यकिरणाचं रूप आहे आणि इजिप्शियन नावाचा अर्थही तोच. नावाबद्दलच्या त्याच्या म्हणण्यावर मी फार भार देणार नाही, सूर्याचं मात्र शंभर टक्के खरं.

हे सगळं सुरू झालं आजच्या कैरोलगतच्या हेलिओपोलिसमध्ये. तिथल्या सूर्यमंदिरात ‘बेनबेन’ नावाचा पवित्र दगड होता. आदिजलातून सगळ्यात आधी वर आलेल्या उंचवट्याचं ते प्रतीक. ओबेलिस्कच्या माथ्यावरच्या छोट्या पिरॅमिडला ‘बेनबेनेत’ म्हणत, ते यावरूनच. या टोकाला सोन्याचा किंवा सोनं-चांदीच्या मिश्रधातूचा पत्रा मढवत. वाळवंटातला सूर्य उगवला की पहिला प्रकाश या टोकावर पडायचा आणि देऊळ नजरेत येण्याआधी ते चमकायचं. हेलिओपोलिसच्या जागी, आजच्या मतारिया भागात, सेनुस्रेत पहिला या राजाचा ओबेलिस्क अजून उभा आहे. उंची २० मीटरच्या वर, वय ३,९०० वर्षांच्या घरात. जागेवर उभ्या असलेल्या मोठ्या ओबेलिस्कांत हाच सगळ्यात जुना.

‘स्तंभ’ शब्दाबद्दल माझी तक्रार वेगळीच आहे. स्तंभ रचता येतो, दगडावर दगड ठेवून. तेखेन रचायचा नसतो, तो एका शिळेतूनच काढायचा. हातशेप्सुतने कर्नाकच्या ओबेलिस्कच्या पायथ्याशी हेच कोरून घेतलंय: एकाच कठीण ग्रॅनाइटचा, शिवण नाही, सांधा नाही. खाणीतलं काम सात महिन्यांत उरकल्याचीही नोंद आहे. तिचा जो उभा आहे तो साडेएकोणतीस मीटर उंच आणि वजनाला तीनशे टनांच्या पुढे. त्याच लेखात ती म्हणते की पुढच्या काळातले लोक हे पाहून काय बोलतील, या विचाराने मन मागेपुढे होतं. साडेतीन हजार वर्षांनी आपण इथे त्यावरच बोलतोय.

ही शिळा कशी काढत ते पाहायचं तर अस्वानला जावं. तिथे खाणीत एक अर्धवट ओबेलिस्क आडवा पडलाय. लांबी सुमारे ४२ मीटर, पुरा झाला असता तर वजन हजार टनांच्या वर गेलं असतं. तिन्ही बाजूंनी मोकळा केलेला, पोट मात्र अजून डोंगराला चिकटलेलं. ग्रॅनाइटपुढे तांब्याच्या छिन्नीचं काही चालत नाही. म्हणून डोलेराइट नावाच्या त्याहून कठीण दगडाचे गोळे हातात धरून आपटत राहायचं आणि ग्रॅनाइटचा भुगा करत खाली जायचं. ओबेलिस्कच्या दोन्ही अंगांना माणूस कसाबसा मावेल असे चर आहेत. त्यांच्या तळाला ओळीने उथळ खळगे दिसतात, आपटून आपटून पडलेले. एकेका कामगाराची जागा जणू आखून दिलेली. एवढं झाल्यावर दगडाला तडे गेले. आधी लहान आकाराचा ओबेलिस्क काढून पाहायचा प्रयत्न झाला, मग तोही सोडून दिला. सांधा चालणार नाही, हा नियम किती कडक होता ते इथे कळतं. तडा गेला की तुकडे जोडून भागत नसे.

प्रतिसाद ३

नोकरीनिमित्त काही वर्षं कैरोत होते. अरबीत याला ‘मिसल्ला’ म्हणतात. मी शिकवणीच्या बाईंना अर्थ विचारला तर त्यांनी हाताने पोतं शिवायची खूण केली. म्हणजे चक्क आपलं दाभण! साधी सुई नव्हे, गोणपाट शिवायची जाड, लांब सुई. आता गिझाला नव्या मोठ्या संग्रहालयासमोर रामसेस दुसऱ्याचा एक ओबेलिस्क खांबांवर उचलून धरलाय, त्याला ‘लटकती मिसल्ला’ म्हणतात. तो तानिसहून आणलेला. आपण खाली उभं राहून मान वर केली की त्याच्या बुडावर कोरलेलं राजाचं नाव दिसतं. उभा होता तोपर्यंत हे नाव कुणालाच दिसत नव्हतं.

इटालियन लोकही सुईच म्हणत. रोममध्ये सेंट पीटरच्या चौकात जो आहे त्याला पूर्वी ‘गुल्या’ म्हणत, तो त्यांच्या सुईवाचक शब्दावरूनच.

प्रतिसाद ४

‘दाभणस्तंभ’ करा मग. :)

प्रतिसाद ५

थट्टा सोडा. आपल्याकडे देवळापुढे दीपमाळ असते. दगडी, उंच, वर निमुळती होत जाणारी, आणि देवासाठीच उभी केलेली. खेड्यातल्या वाचकालाही आकार लगेच कळेल. लेखात ‘दीपमाळेसारखा’ लिहायला काय हरकत आहे?

प्रतिसाद २ (पुन्हा)

हरकत आहे ना. दीपमाळ बहुधा गोल किंवा अष्टकोनी, रचलेली, आणि अंगाला दिवे ठेवायचे हात. त्रिपुरी पौर्णिमेला ती पेटली नाही तर तिचं काम काय? ओबेलिस्कला चार सपाट बाजू, त्या बाजूंवर वरून खाली उतरणारे लेख, आणि प्रकाश म्हणाल तर तो आकाशातून यायचा. एक साम्य मात्र तुम्ही न सांगितलेलं आहे. दोन्ही देवळाच्या दाराशी असतात, आणि ओबेलिस्क तर बहुतेक जोडीनेच. थुतमोस तिसरा या राजाने कर्नाकच्या ओबेलिस्कांना रोट्या आणि बिअरचा नैवेद्य लावून दिला होता, म्हणजे त्या दगडांनाच देवपण होतं.

जोडीचा नियम मोडणारा एक प्रसिद्ध ओबेलिस्क आहे. थुतमोस तिसऱ्याने सुरू केला आणि तो वारला. दगड ३५ वर्षं पडून राहिला, शेवटी नातू थुतमोस चौथ्याने तो एकटाच उभा केला आणि ही हकिकत त्याच्यावरच कोरून ठेवली. पुढे इ.स. ३५७ मध्ये सम्राट कॉन्स्टँटियसने तो रोमला आणला, मग तो कोसळला, तुकडे झाले, आणि १५८८ मध्ये पोप सिक्स्टस पाचवा याने डोमेनिको फोंताना या वास्तुविशारदाकडून तुकडे जोडून पुन्हा उभा करवला. आज लॅटेरनच्या चौकात आहे. ३२ मीटर, जगात उभ्या असलेल्या प्राचीन ओबेलिस्कांत सर्वांत उंच. शिवण नाही, सांधा नाही, हा नियम शेवटी असा मोडला गेला.

प्रतिसाद ६

एक सावधगिरी. आकार ओबेलिस्कचा असला म्हणून सगळे ओबेलिस्क इजिप्तच्या अर्थाने ओबेलिस्क नसतात. वॉशिंग्टनचं स्मारक १६९ मीटर उंच आहे, पण ते हजारो दगड रचून बांधलंय आणि आत लिफ्टसुद्धा आहे. आपल्या कोरेगाव भीमाचा जयस्तंभही त्याच घडणीचा. १८१८ च्या लढाईनंतर इंग्रजांनी बांधलेला, दगड रचून, वर निमुळता. तिथे ‘जयस्तंभ’ किंवा ‘विजयस्तंभ’ हाच शब्द रूढ आहे आणि तोच हवा, कारण तो कशासाठी आहे ते त्या नावात आहे. तेखेन लढाईचं स्मारक म्हणून नसायचा (राजा आपले पराक्रम त्यावर कोरून घ्यायचा, ती गोष्ट वेगळी). त्यामुळे इजिप्तच्या संदर्भात ‘विजयस्तंभ’ लिहू नये. काही जण लिहितात, म्हणून सांगितलं.

प्रतिसाद ७

तुर्की भाषेतला शब्द मला सगळ्यात आवडतो: ‘दिकिलिताश’, उभा केलेला दगड. इस्तंबूलमध्ये जुन्या घोडशर्यतीच्या मैदानावर थुतमोस तिसऱ्याचा ओबेलिस्क आहे, सम्राट थिओडोसियसने ३९० मध्ये उभारलेला. खालच्या चौथऱ्यावर तो उभा कसा केला त्याचं दृश्यही कोरलंय. आणि चिनी लोक म्हणतात ‘चौकोनी टोकदार शिळा’. कसलीही उपमा नाही, काम चोख.

लेखात ‘क्लिओपात्राची सुई’ येत असेल तर मात्र तळटीप द्या. लंडन आणि न्यूयॉर्कच्या त्या दोन ओबेलिस्कांचा क्लिओपात्राशी काही संबंध नाही. ते तिच्या चौदाशे वर्षं आधीचे, थुतमोस तिसऱ्याचे, मूळचे हेलिओपोलिसचे. ती गेल्यावर दीड-दोन दशकांनी रोमन सम्राट ऑगस्टसच्या काळात ते अलेक्झांड्रियाला नेले गेले. लंडनचा समुद्रमार्गे नेताना १८७७ मध्ये बिस्केच्या उपसागरात वादळ झालं, त्यात सहा खलाशी बुडाले. ज्या लोखंडी नळकांड्यात ओबेलिस्क घातला होता ते मात्र तरंगत राहिलं आणि सापडलं. १८७८ मध्ये तो थेम्सच्या काठी उभा राहिला. न्यूयॉर्कचा १८८१ मध्ये. ‘सुई’ हा शब्द ठेवायलाच हवा, कारण ते विशेषनाम झालंय.

मूळ प्रश्नकर्ती

सगळ्यांचे आभार, विशेषतः दाभणाबद्दल. असं ठरवतेय: लेखभर ‘ओबेलिस्क’, आणि पहिल्यांदा येईल तिथे ‘एकाच शिळेतून कोरलेला, चौकोनी, वर निमुळता होत जाणारा आणि टोकाला पिरॅमिड असलेला पाषाण’. ‘तेखेन’ एकदा सांगून सोडते. सामान्यरूपाचं काय? ‘ओबेलिस्काचा’ की ‘ओबेलिस्कचा’? वर दोन्ही वळणं दिसतायत.

प्रतिसाद १ (पुन्हा)

पिरॅमिडचं जे करता तेच करा. एकवचनात ‘पिरॅमिडचा’, म्हणून ‘ओबेलिस्कचा’. अनेकवचनात ‘पिरॅमिडांचा’, म्हणून ‘ओबेलिस्कांचा’. लिंग पुल्लिंगीच ठेवा, तो ओबेलिस्क. ‘पाषाण’ही पुल्लिंगी असल्यामुळे तुमच्या व्याख्येशी जुळतं. फक्त ‘पाषाण’च्या जागी ‘शिळा’ घातलीत तर पुढची सगळी विशेषणं बदलावी लागतील, तेवढं पाहा.

प्रतिसाद २ (पुन्हा)

आणि व्याख्येतलं ‘चौकोनी’ काढून ‘चार बाजूंचा’ करा. चौकोनी म्हटलं की डबा डोळ्यांपुढे येतो.