लेकीची सुट्टी आणि माझी सही

शनिवारचा_बाबा:
परवा एका ताईंनी इथं लिहिलं की मुलांना परदेशी न्यायला वेगळ्या झालेल्या नवऱ्याची सही मागावी लागणं हा अपमान आहे, आणि सही अडवणारे बाप बायकोवर सूड उगवत असतात. खाली टाळ्यांचा पाऊस. दोन दिवस गप्प बसलो, आता राहवत नाही.

लेक नऊ वर्षांची. कस्टडी आईकडे. कन्सेंट टर्म्स, म्हणजे दोघांनी मान्य केलेल्या अटी, वाचून मीच सही केली, त्याबद्दल तक्रार नाही. मला एक आड एक शनिवार-रविवार, निम्मी दिवाळी आणि १६ ते ३१ मे. यंदा मार्चमध्ये व्हॉट्सॲपवर एक पीडीएफ येऊन पडली. म्युनिकला मावशीकडे, ८ ते २६ मे. 'शेंगेन व्हिसाला बापाची एनओसी, ना हरकत पत्र, लागते, नोटरी करून ठेव.' माझ्या सोळा दिवसांतले अकरा गेले, त्याबद्दल चकार शब्द नाही.

मी नाही म्हटलं. परतीचं तिकीट, राहायचा पत्ता, रोज दहा मिनिटं व्हिडिओ कॉल आणि बुडालेले दिवस जूनमध्ये शाळेआधी भरून द्यायचे, एवढंच मागितलं. हा सूड? वर्षभरात शाळा, डॉक्टर, क्लास सगळं परस्पर ठरतं. मला काही विचारावं लागतं ते या एका सहीपुरतं.

उखाणा:
शेवटच्या वाक्यात बोललात की मनातलं! विचारावं लागतं, म्हणून अडवायचं.

माझा किस्सा ऐका. लेकाला सिंगापूरला न्यायचं होतं. साहेब 'बघतो' म्हणाले. पाच आठवडे बघत होते. सही झाली तोवर तिकिटं दुप्पट महाग. लेकानं बॅग भरून दाराशी ठेवलेली, ती मी रिकामी केली. त्याच्या कांजिण्यांत रात्रभर कडुनिंबाचा पाला फिरवत बसले, तेव्हा कुणाच्या सहीची गरज पडली नव्हती.

आणि जानेवारी २०२५ चा मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल वाचा. सतरा वर्षांची मुलगी, जपानची अभ्यास सहल, बापाची हरकत. कोर्टानं सांगितलं, आईबापांच्या भांडणापायी मुलीचा पासपोर्ट अडवता येणार नाही.

कोर्टाची_पायरी:
ताई, तो निकाल पासपोर्टचा. ॲनेक्शर सी, म्हणजे दुसऱ्या पालकाची संमती नसल्याचं घोषणापत्र, भरून एका पालकाच्या अर्जावरही मुलाचा पासपोर्ट निघतो. पण पासपोर्ट निघाला म्हणजे दुसऱ्याच्या ॲक्सेसचे, म्हणजे मुलाला भेटायचे, दिवस पुसले जात नाहीत. कोर्टानं नेमलेला पालक असेल तर १८९० च्या गार्डियन्स ॲक्टचं कलम २६ आहेच, कोर्टाच्या परवानगीशिवाय मुलाला त्याच्या हद्दीबाहेर नेता येत नाही.

बाबांची भीती अगदीच हवेतली नाही. परदेशी नेऊन ठेवलेलं मूल परत पाठवायचा १९८० चा हेग करार आहे, त्यात भारत नाही. लॉ कमिशननं २००९ मध्ये करारात सामील व्हायची शिफारस केली, ती तशीच पडून. जर्मनी करारात आहे, पण करार दोन्ही देशांत लागू हवा. उद्या मूल तिकडेच ठेवलं तर म्युनिकला वकील शोधत फिरा.

व्हिडिओ कॉलचं म्हणाल तर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयच म्हणालं आहे की ज्याच्याकडे ताबा नाही त्याला मुलाशी रोज पाच-दहा मिनिटं बोलता आलं पाहिजे.

एडिसनची_माई:
आमच्याकडे उलटी गंगा. माझा एक्स मुलाला 'तीन आठवडे आजीकडे' म्हणून न्यूजर्सीहून पुण्याला घेऊन गेला. चौदा महिने लागले परत आणायला. भारत करारात नाही म्हणून इथले जज भारताचं नाव काढलं की कान टवकारतात. आता मुलाचा पासपोर्ट वकिलाकडे असतो. सख्ख्या भाचीच्या मुंजीलाही तो येऊ शकला नाही.

तिरपागडे:
भाचीची मुंज? पुरोगामी घर दिसतंय.

एडिसनची_माई:
भाच्याची. ऑटोकरेक्ट. एवढंच दिसलं तुम्हाला?

आंब्याची_कोय:
मी म्हणतो, मे महिन्यात म्युनिक हवंच कशाला? पोरांनी मेमध्ये झाडाखाली असावं. आमच्या गुहागरच्या घरी मोठी विहीर आहे, तीत मी माझ्या मुलाला पोहायला शिकवलं. नातवाला शिकवणार होतो. सून वेगळी झाली, दोन मे गेले, नातू दिसला नाही. बापाला निदान शनिवार तरी मिळतो. कायद्यात आजोबासाठी साधं कलम नाही.

उखाणा:
काका, वाईट वाटलं. पण तुमच्या चिरंजीवांनी पोटगी भरली का हो या दोन वर्षांत?

आंब्याची_कोय:
तो हिशेब माझ्याकडे का मागता? शिक्षा मला का?

उखाणा:
कारण आजोबांकडे पाठवलं की पोर बापाच्याच हाती पडतं. 'नेटवर्क नव्हतं' म्हणून चार दिवस फोन बंद. अनुभव आहे.

तिरपागडे:
गुहागरात नेटवर्क खरंच नसतं हो.

आंब्याची_कोय:
आमच्याकडे फायबर आहे! बाई, तुमच्या घरच्या गोष्टी माझ्या अंगणात आणू नका. सत्तरी उलटली माझी. कुणाच्या पोराला पळवून कुठे नेऊ, हेदवीला?

कोर्टाची_पायरी:
काका, स्वतंत्र कलम नसलं तरी अर्ज करता येतो, कोर्टं आजी-आजोबांना नातवंडांची भेट मंजूर करतात. तुमच्या चिरंजीवांच्या ॲक्सेसमध्ये तुमचं घर लिहून घ्या, ते सोपं पडेल.

आंब्याची_कोय:
मुलगा तारखेला जात नाही.

उखाणा:
हे मात्र कठीण आहे, काका. मघाचं बोलणं मागे घेते. अर्धं.

बाबा, तुम्ही सुटला नाहीत अजून. त्या चार अटी नकाराबरोबर पाठवल्या होत्या की नंतर सुचल्या?

शनिवारचा_बाबा:
नंतर. नऊ दिवसांनी. आधी नुसतं 'जमणार नाही' लिहिलं होतं.

उखाणा:
वा! आणि आम्ही सूड म्हटलं तर झोंबलं.

शनिवारचा_बाबा:
झोंबलं. तुमच्या साहेबांसारखे पाच आठवडे नाही लावले, एवढं तरी माना. आणि सोळातले अकरा दिवस न विचारता कापले, त्याला तुम्ही काय म्हणता?

उखाणा:
आगाऊपणा. बस? मिळालं समाधान?

शनिवारचा_बाबा:
चालेल. वकीलसाहेब, जूनचे अकरा दिवस एनओसीतच लिहिता येतात का? व्हिसाची तारीख सोमवारी आहे.

कोर्टाची_पायरी:
एनओसीत फक्त प्रवास, तारखा, पत्ता. दिवसांचं वेगळं लिहा, दोघांच्या सह्या घ्या, कोर्टात दाखल करा. आज पाठवलंत तर सोमवार गाठता येईल.

तिरपागडे:
नोटरीचे पैसे कोण देणार, ते ठरलं का?